गंज पेठेतील स्नेह

महात्मा जोतीराव फुले यांचे बालपण पुण्याच्या गंज पेठेत, कष्टकरी लोकांच्या वस्तीत गेले. वडील गोविंदराव फुलांचा व्यवसाय करीत. शाळा सुटल्यामुळे जोतीराव मळ्यात राबू लागले. परंतु गफार बेग मुन्शी व लिजिट साहेब या हितचिंतकांनी वडिलांचे मन वळविले आणि १८४१ साली ते मिशनच्या शाळेत दाखल झाले.

तेथे सदाशिव बल्लाळ गोवंडे हा ब्राह्मण मुलगा त्यांचा जिवलग मित्र झाला. जातीची भिंत त्या कोवळ्या स्नेहाच्या आड आली नाही.

१८४८ साली दुसऱ्या एका ब्राह्मण मित्राच्या वरातीत जातीवरून जोतीरावांचा घोर अपमान झाला. मन कायमचे विटावे, असाच तो प्रसंग होता. तथापि गोवंडे यांचा स्नेह त्यांनी तोडला नाही. त्याच वर्षी त्यांनी मुलींसाठी शाळा काढली. पुढे लोकनिंदेमुळे जोतीराव व सावित्रीबाई यांना घर सोडावे लागले, तेव्हा उस्मान शेख यांनी त्यांना आसरा दिला. गोवंडे यांनी शाळांच्या कार्यास हातभार लावला.

१८९० साली जोतीराव निवर्तले. शाळकरी वयात जडलेला निर्मळ स्नेह पुढे लोककार्याचा आधार कसा होतो, हे त्यांच्या चरित्रावरून दिसून येते.