हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा (१८६८–१९५८) हे भारतातील आद्य वृत्तपटकार होत. मुंबईत त्यांचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा खेळ मुंबईतील वॉटसन हॉटेलात झाला. तो पाहून सावेदादांनी २१ गिनी मोजून इंग्लंडहून चलच्चित्रांचा कॅमेरा मागविला. पाठीशी ना संस्था, ना राजाश्रय. पैसा पदरचा आणि विषयही स्वतः निवडलेले.

१८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये त्यांनी दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. भारतीयाने केलेले हे पहिले चित्रण मानले जाते. पहिल्याच खेपेस कॅमेरा लाल मातीकडे वळला, याचे तालमींच्या कोल्हापुरातील वाचकाला विशेष अप्रूप वाटावे. माकडांना खेळ शिकविणाऱ्या मदाऱ्यावरही त्यांनी लघुपट केला. चित्रित फीत धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागे. आपण काय टिपले, हे ती परत येईपर्यंत खुद्द चित्रकारालाही दिसत नसे; चूक झाली असेल तर प्रसंग हातचा गेलेला असे. दरम्यान त्यांनी प्रक्षेपकही घेतला आणि आपल्या फितींबरोबर विदेशी चित्रे दाखविण्यास आरंभ केला.

केंब्रिजमध्ये सीनियर रँग्लर ठरलेले र. पु. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले. त्यांच्या मुंबईतील स्वागताचे चित्रण हा भारतातील पहिला वार्तापट समजला जातो. एखाद्या संस्थानिकाऐवजी गणिताच्या विद्वानाचा सत्कार टिपावासा वाटणे, यातच सावेदादांची दृष्टी दिसते. १९०३ मध्ये लॉर्ड कर्झन यांनी सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणानिमित्त भरविलेला दिल्ली दरबारही त्यांनी चित्रित केला.

पुढे मात्र त्यांनी चित्रीकरण सोडले, कॅमेरा विकला आणि मुंबईच्या गेइटी नाट्यगृहाचे व्यवस्थापन स्वीकारले. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ मध्ये प्रदर्शित झाला, तर कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी १९१८च्या सुमारास स्वदेशी कॅमेरा सिद्ध केला. कथापटांच्या या वैभवात सावेदादांचे नाव मागे पडले. मराठी चित्रपटाचा इतिहास सांगताना आपण बहुधा १९१३पासूनच आरंभ करतो, हे त्यांच्यावर अन्यायकारक आहे. त्यांच्या फिती आज उपलब्ध नाहीत. कुस्तीचा तो डाव, परांजप्यांभोवतीची ती गर्दी केवळ नोंदींतून कळते.