आचार्य धर्मानंद कोसंबी : ग्रंथ आणि वाचक यांना जोडणारा विद्वान

पाली ग्रंथांचा अभ्यास आज मराठीतून सहज करता येतो. या सुविधेमागे ज्या थोर पुरुषाचे कष्ट आहेत, त्या आचार्य धर्मानंद कोसंबी यांचे या स्मरणिकेच्या निमित्ताने कृतज्ञतापूर्वक स्मरण करणे आम्ही कर्तव्य समजतो.

धर्मानंदांचा जन्म १८७६ साली गोव्यातील साखवाळ या गावी झाला. शालेय शिक्षण त्यांना फारसे लाभले नाही. ‘बालबोधमेवा’ या मुलांच्या मासिकातील लेखातून त्यांना भगवान बुद्धांची ओळख झाली आणि बौद्ध धर्माचे मूळ ज्ञान मिळविण्याच्या ध्यासाने त्यांनी १८९९ मध्ये घर सोडले. पुणे, ग्वाल्हेर व काशी येथे संस्कृत शिकून, नेपाळ व बुद्धगया करीत ते १९०२ मध्ये सिंहलद्वीपास पोहोचले. तेथे विद्योदय परिवेणात सुमंगल महास्थविरांच्या चरणी त्यांनी पालीचे अध्ययन केले. पुढे ब्रह्मदेशातही ते राहिले.

स्वदेशी परतल्यावर कलकत्त्यात त्यांना अध्यापनाचे काम मिळाले. परंतु आपल्या लोकांना हे ज्ञान आपल्या भाषेत मिळावे, ही तळमळ त्यांना स्वस्थ बसू देईना. बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांनी महाराष्ट्रात राहून ग्रंथलेखन करण्याच्या अटीवर दरमहा ५० रुपयांची वृत्ती देऊ केली. कलकत्त्यातील अधिक वेतनाचा मोह सोडून धर्मानंदांनी ती स्वीकारली. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांच्या साहाय्याने मुंबई विद्यापीठात पाली भाषेचा प्रवेश झाला, आणि पुढे, अमेरिकेहून परतल्यावर, धर्मानंद पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात ती शिकवू लागले.

१९१० साली त्यांना अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठाचे बोलावणे आले. हेन्री क्लार्क वॉरन यांच्या निधनामुळे बुद्धघोषाचार्यांच्या ‘विसुद्धिमग्ग’चे संपादन अपुरे राहिले होते. सिंहली व ब्रह्मी लिपींतील हस्तलिखितांचे पाठ ताडून शुद्ध पाठ ठरविणे, हे अतिशय चिकाटीचे काम. ते करताना संपादक म्हणून कोणाचे नाव द्यावे यावरून प्राध्यापक लानमन यांच्याशी त्यांचा मतभेद झाला. केलेल्या श्रमाचे श्रेय नाकारले जावे, हे त्यांच्या स्वाभिमानाला मानवले नाही. ते १९१२ मध्ये परतले. तरीही ग्रंथाशी त्यांनी वैर धरले नाही. पुनःपुन्हा जाऊन त्यांनी काम तडीस नेले.

१९४० मध्ये भारतीय विद्या भवनाने त्यांनी संपादिलेला ‘विसुद्धिमग्ग’ देवनागरीत प्रसिद्ध केला. हार्वर्डची आवृत्ती मात्र १९५० साली निघाली. तिच्यावर वॉरन यांच्यासह धर्मानंदांचेही नाव आहे. ते पाहण्यास ते हयात नव्हते. १९४७ च्या जून महिन्यात सेवाग्राम येथे त्यांनी देह ठेवला होता.

विद्वानांसाठी शुद्ध पाठ आणि सामान्यांसाठी सुबोध मराठी, ही दोन्ही कामे त्यांनी सारख्याच निष्ठेने केली. ‘बुद्ध, धर्म आणि संघ’ व ‘भगवान बुद्ध’ ही पुस्तके त्याची साक्ष आहेत. परळच्या कामगार वस्तीत त्यांनी बहुजन विहार उभा केला, तोही याच भावनेने. ग्रंथ छापला गेला तरी ज्याच्यासाठी तो आहे त्याला वाचता आला नाही, तर विद्येचे कार्य अपुरेच राहते, हा त्यांच्या जीवनाचा बोध आम्हांस वाटतो.

आमच्या वसतिगृहातून शिकून गेलेल्या आणि आज शिकत असलेल्या विद्यार्थ्यांनी मूळ ग्रंथ स्वतः वाचावेत, पुरावा तपासावा आणि मिळालेले ज्ञान आपल्या वस्तीपर्यंत न्यावे. आचार्यांना हीच आमची खरी आदरांजली ठरेल.