अडकित्त्यांचा धनी

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. वस्तुसंग्रहालय म्हणजे राजेरजवाड्यांच्या तलवारी आणि सिंहासने, अशी माझी पक्की समजूत होती. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत पुण्यात बाजीराव रस्त्यावरचे ‘राजा दिनकर केळकर संग्रहालय’ पाहायला गेलो, तेही नावातला ‘राजा’ पाहूनच.

तिथे राजा कोणी नव्हता. दिनकर गंगाधर केळकर (१८९६–१९९०) हे पुण्यातले चष्म्यांचे दुकानदार. ‘अज्ञातवासी’ या नावाने कविता करीत. राजा हा त्यांचा मुलगा. तो लहानपणीच गेला, आणि बापाने आयुष्यभर जमवलेल्या संग्रहाला त्याचे नाव दिले. हे कळल्यावर मी पुन्हा दारापर्यंत जाऊन ती पाटी वाचून आलो.

जुन्या वस्तूंचा नाद केळकरांना १९२० च्या सुमारास लागला. दुकान सांभाळून ते गावोगाव हिंडत. पत्नी कमलाबाईंची त्यांना मोठी साथ होती. कोथरूडच्या मस्तानी महालाचे अवशेषही त्यांनी आणून संग्रहालयात उभे केले. पाहुणे बहुधा तोच पाहायला येतात. मला मात्र नवल वाटले ते दुसऱ्याच गोष्टींचे. दिवे, कुलपे, दौती, पानाचे डबे, पाय घासायच्या वज्र्या! जे लोक वापरून टाकून देतात, ते या माणसाने उचलून जपले. आज संग्रहात २०,००० हून अधिक वस्तू आहेत. मांडायला जागा पुरत नाही. आणि एवढे सारे त्यांनी महाराष्ट्र शासनाला देऊन टाकले. चष्मे विकणाऱ्या माणसाची नजर अशी असावी, याची मला गंमत वाटते.

अडकित्त्यांच्या कपाटापाशी मी सर्वांत जास्त वेळ उभा होतो. कुठे घोडा, कुठे पक्षी, कुठे स्त्री-पुरुषाची जोडी. सुपारी कातरायला एवढी कलाकुसर!

आमच्या आजीचाही एक पितळी अडकित्ता होता, मोराच्या मानेचा. बारावीला असताना मीच तो मोडीत घालून भांडीवालीकडून स्टीलचा डबा घेतला. घरातला शिकलेला मी, म्हणून कोणी अडवले नाही. आजीही काही बोलली नाही. तेव्हापासून ती सुपारी खलबत्त्यात कुटते.

पुण्याहून आल्यावर तिला सगळे सांगितले. तिने एवढेच विचारले, की त्यात मोराचा होता का.