विजासनच्या लेण्या मोजणारा जनरल : अलेक्झांडर कनिंगहॅम

भद्रावतीच्या विजासन लेण्यांत बुद्धवंदनेसाठी जाणाऱ्या उपासकांना एक नाव माहीत असायला हवे. सारनाथ, सांची, कुशीनगर, नालंदा, भरहूत या स्थळांशी जोडलेले हे नाव आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलपट्ट्याशीही जोडलेले आहे. हे नाव म्हणजे मेजर जनरल सर अलेक्झांडर कनिंगहॅम, भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याचे संस्थापक.

त्यांचा जन्म २३ जानेवारी १८१४ रोजी लंडनमध्ये झाला. १८३३ मध्ये ते बंगाल इंजिनिअर्समध्ये अधिकारी म्हणून भारतात आले. ब्राह्मी लिपी वाचणारे जेम्स प्रिन्सेप यांच्या सहवासात त्यांना जुनी नाणी आणि शिलालेखांचा छंद लागला. विशी ओलांडताच त्यांनी सारनाथच्या धमेक स्तूपाचे उत्खनन हाती घेतले. वरून खाली सरळ विहिरीसारखे खोदत जाण्याचे हे काम वर्षभराहून अधिक चालले. अस्थिधातू मिळाले नाहीत. वरच्या भागात धम्मगाथा कोरलेली एक शिळा तेवढी मिळाली. तिथे सापडलेल्या पण मागे राहिलेल्या अनेक मूर्ती पुढे वरुणा नदीवरील पुलाच्या कामी पाण्यात टाकल्या गेल्या. खोदणे सोपे, खोदलेले सांभाळणे अवघड, हा धडा आजही तितकाच खरा आहे.

१८५१ मध्ये त्यांनी लेफ्टनंट मेसी यांच्यासह सांची आणि आसपासचे स्तूप उघडले. सारिपुत्त आणि महामोग्गल्लान यांचे अस्थिधातू त्यात मिळाले आणि नंतर ते इंग्लंडला गेले. बौद्ध जगताने मागणी लावून धरली, तेव्हा कुठे ते परत आले आणि १९५२ मध्ये सांचीला पुन्हा प्रतिष्ठापित झाले.

कनिंगहॅम यांना आपण डोक्यावर घ्यावे असे आमचे म्हणणे नाही. ते साम्राज्याचे अधिकारी होते. भारताचा बौद्ध इतिहास उजेडात आला तर ब्रिटिश सत्तेला आणि ख्रिस्ती धर्मप्रसाराला मदत होईल, असे त्यांनी १८४३ मध्ये लिहिले होते. पण त्यांच्या फावड्याने जे वर आले ते सत्तेच्या नव्हे, आपल्या कामी आले. ही भूमी कधीकाळी बुद्धाची होती, हे दगडांच्या साक्षीने मांडता आले.

१८६१ मध्ये लष्करातून निवृत्त होताना त्यांनी लॉर्ड कॅनिंग यांच्यापुढे योजना ठेवली आणि पुरातत्त्व सर्वेक्षक म्हणून त्यांची नेमणूक झाली. काही वर्षांत सरकारने हे पदच बंद केले. १८७१ मध्ये खाते पुन्हा उभे राहिले आणि ते महासंचालक झाले. अख्खा देश, आणि हाताखाली बेगलर व कार्लाइल यांच्यासारखे मोजके सहाय्यक! त्यांची पद्धत साधी होती. चिनी भिक्खू ह्युएन त्संग यांचे प्रवासवर्णन हाताशी ठेवायचे, दिशा आणि अंतर ताडायचे, गावकऱ्यांना जुन्या टेकाडांविषयी विचारायचे, विटा मोजायच्या, लेखांचे ठसे घ्यायचे आणि सगळे अहवालात छापायचे. या अहवालमालेचे तेवीस खंड निघाले.

१८७३ च्या हिवाळ्यात ते मध्य प्रांताच्या दौऱ्यावर निघाले. नागपूरकडे येताना नोव्हेंबरअखेर त्यांना भरहूतचा स्तूप दिसला. आसपासच्या लोकांनी घरांसाठी त्याच्या विटा-दगड नेले होते. पुढचा दौरा आटोपून फेब्रुवारी १८७४ मध्ये ते तिथे परतले आणि खोदकामाला लागले. भरहूतचे कठडे आणि तोरण आज कोलकात्याच्या संग्रहालयात आहेत.

मध्य प्रांतातील या दौऱ्यांचा वृत्तांत अहवालाच्या नवव्या खंडात आहे. त्यात आपले भांदक, म्हणजे आजची भद्रावती, आणि वैनगंगेकाठचे मार्कंडा ही दोन्ही स्थळे येतात. विजासनच्या टेकडीत सरळ आत गेलेली सुमारे ७१ फूट लांबीची लेणी, तिच्या शेवटी आसनावर बसलेली भव्य बुद्धमूर्ती आणि बाजूंना काटकोनात गेलेल्या लेण्या, हे सारे तिथे नोंदलेले आहे. ह्युएन त्संग यांनी पाहिलेल्या कोसल देशाची राजधानी त्यांनी चांद्याच्या परिसरात शोधली होती. पुढच्या अनेक अभ्यासकांनी ती छत्तीसगडकडे नेली. अनुमान बदलते, मापे मात्र कामी येत राहतात.

नागभीड तालुक्यातील देवटेकच्या शिळेची नोंदही कनिंगहॅम यांच्या १८७७ च्या शिलालेखसंग्रहात आहे. प्राण्यांना पकडण्यास व मारण्यास मनाई करणारी मौर्यकालीन ब्राह्मीतील आज्ञा तिच्यावर आहे. त्याच दगडावर नंतर वाकाटकांचा लेख कोरला गेला. म्हणजे धम्माची आज्ञा आपल्या जिल्ह्यात दोन हजार वर्षांपूर्वी पोहोचली होती.

नोंद नसेल तर काय होते याचेही उदाहरण याच भागाशी निगडित आहे. भवदेव रणकेसरी राजाच्या काळात बुद्धविहाराचा जीर्णोद्धार झाल्याचे सांगणारा एक शिलालेख नागपूरच्या संग्रहालयात आहे. तो नेमका कुठून आणला याची खात्रीची नोंद नसल्याने रतनपूर, भांदक की आरंग, असा वाद अभ्यासकांत झाला. दगड वाचला, पण त्याचे गाव हरवले.

कनिंगहॅम १८८५ मध्ये निवृत्त झाले. मायदेशी परतताना जहाज श्रीलंकेजवळ बुडाले आणि त्यांची बरीच कागदपत्रे, छायाचित्रे समुद्रात गेली. तरीही १८९२ मध्ये त्यांचा बुद्धगयेच्या महाबोधी विहारावरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. २८ नोव्हेंबर १८९३ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले.

ते विजासनला आले तेव्हा इथे वंदना घेणारा समाज नव्हता. १६ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी चंद्रपुरात धम्मदीक्षा दिली आणि या लेण्यांना पुन्हा वारस मिळाले. आता जबाबदारी आपली आहे. शेतात नांगर चालवताना, तळे खोदताना, खाणीसाठी जमीन उकरताना आजही मूर्ती, विटा, खापरे वर येऊ शकतात. अशा वेळी मूर्ती उचलून विहारात नेणे किंवा तिला रंग देणे, हे श्रद्धेने केलेले असले तरी नुकसानच आहे. वस्तू जागेवरच ठेवून फोटो काढा, गट क्रमांक लिहून घ्या, तहसीलदार आणि पुरातत्त्व विभागाला लेखी कळवा व अर्जाची पोच घ्या. संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम चालत नाही आणि त्यापुढील २०० मीटरांत परवानगी लागते. हा नियम कुठे मोडत असेल तर तक्रार करा.

प्रत्येक विहार समितीने आपल्या गावाच्या शिवारातील जुन्या अवशेषांची एक वही ठेवावी, असे आमचे आवाहन आहे. एका परक्या अधिकाऱ्याने बैलगाडीच्या काळात हे केले. आपल्या तर हातात मोबाइल आहे, आणि वारसाही आपलाच आहे.