सरकारने पैसे थकवले तर दाद कुठे? अहिल्यादेवींचा काळ आणि आजचा कायदा

सरकारनेच बिल थकवले तर कंत्राटदाराने दाद कोणाकडे मागायची? चांदवडच्या रंगमहालाशी जिचे नाव जोडले जाते, त्या अहिल्यादेवी होळकरांच्या काळात उत्तर एकच होते: राज्यकर्त्याकडे.

त्यांचा जन्म १७२५ चा, चौंडीचा. पती खंडेराव १७५४ मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात मारले गेले. १७६७ मध्ये मुलगा मालेराव गेल्यावर कारभार त्यांच्याकडे आला. देवळे, घाट, विहिरींची कामे त्यांनी देशभर काढली. खर्च खासगीच्या वेगळ्या तिजोरीतून केला. तक्रारी त्या स्वतः ऐकत, वाद पंचांकडेही सोपवत. १७९५ मध्ये त्यांचे निधन झाले.

आज दाद कोणाच्या न्यायबुद्धीवर अवलंबून नाही. राज्यघटनेच्या कलम ३०० नुसार सरकारवर दावा करता येतो. करारात लवादाची अट असेल, तर १९९६ चा लवाद कायदा लागू होतो.