भिडे वाडा ते मुंढवा : सावित्रीमाईंच्या वाटेने पुणे

१० मार्च हा क्रांतिज्योती सावित्रीमाई फुले यांचा स्मृतिदिन. या दिवशी प्रतिमेला हार घातला जातो, भाषणे होतात, मोबाइलवर संदेश फिरतात. हे सगळे व्हायलाच हवे. पण आम्ही काही कार्यकर्ते त्याला एक जोड देतो. तरुण-तरुणींना सोबत घेऊन सकाळीच पुण्याच्या पेठांतून पायी निघतो.

पुण्यात हेरिटेज वॉक पुष्कळ होतात. त्यांत शनिवारवाडा असतो, लाल महाल असतो, जुनी मंदिरे असतात. स्त्रिया भेटतात त्या बहुधा राजघराण्यातल्या. शाळेत शिकवणारी, अनाथ बाळांना न्हाऊ घालणारी, दुष्काळात अन्न वाटणारी स्त्री या शहरात कुठून कुठे चालत गेली, हे दाखवणारे फार कमी. सावित्रीमाईंचे पुणे पायी बघायचे तर अंतर तीन किलोमीटरही भरत नाही. त्या तेवढ्या गल्ल्यांमध्ये जवळजवळ पन्नास वर्षांचे काम आहे.

नायगावहून पुण्यात

सावित्रीमाईंचा जन्म ३ जानेवारी १८३१ रोजी सातारा जिल्ह्यातल्या खंडाळा तालुक्यात नायगावला झाला. वडील खंडोजी नेवसे गावचे पाटील. १८४० साली, वयाच्या नवव्या वर्षी, जोतीराव फुल्यांशी लग्न होऊन त्या पुण्यात आल्या. जोतीराव तेव्हा तेरा वर्षांचे होते. जोतीरावांना लहानपणापासून सांभाळणाऱ्या सगुणाबाई क्षीरसागर या घरात होत्या. जोतीरावांनी सावित्रीमाई आणि सगुणाबाई या दोघींनाही शिकवायला सुरुवात केली. त्या काळी शिकलेल्या बाईचा नवरा मरतो, अशी समजूत होती. अशा काळात घरातल्या दोन बायका पाटी-पेन्सिल घेऊन बसल्या, ही या कथेची सुरुवात आहे. पुढे सावित्रीमाईंनी शिक्षिकेचे रीतसर प्रशिक्षणही घेतले.

पहिला थांबा : भिडे वाडा

बुधवार पेठेत दगडूशेठ गणपती मंदिरासमोर आम्ही सुरुवात करतो. इथे तात्यासाहेब भिडे यांचा वाडा होता. १८४८ साली याच वाड्यात फुले दांपत्याने मुलींची शाळा सुरू केली. सावित्रीमाई तेव्हा अवघ्या सतरा वर्षांच्या होत्या. आज कॉलेजच्या पहिल्या वर्षात असलेल्या मुलीचे जे वय, ते या मुख्याध्यापिकेचे वय होते.

हा वाडा कित्येक वर्षे मोडकळीला आलेला होता. भाडेकरू आणि स्मारक यांचा वाद न्यायालयात चालला होता. अखेर सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर डिसेंबर २०२३ मध्ये जुनी इमारत पाडण्यात आली आणि जागा राष्ट्रीय स्मारकासाठी मोकळी झाली. मंदिरापुढची गर्दी आणि या जागेपुढची गर्दी यांची तुलना करायला आम्ही कुणाला सांगत नाही. मुले आपसूक करतात.

इथे आम्ही एक गोष्ट आवर्जून सांगतो. सावित्रीमाईंचे घर गंज पेठेत आणि शाळा बुधवारात. म्हणजे रोज याच पेठांतून त्यांना यावे-जावे लागे. वाटेत शेण, चिखल, दगड अंगावर येत. शाळेत पोचल्यावर बदलायला त्या वेगळे लुगडे जवळ ठेवत. हा प्रसंग आपल्याला पाठ आहे. पण आपण बहुतेक वेळा इथेच थांबतो. शेण झेलणारी माई आपल्याला ठाऊक असते, आणि शेण पुसल्यावर तिने पुढे काय केले हे मात्र फारसे ठाऊक नसते. आमची पदफेरी त्या पुढच्या गोष्टीसाठी आहे.

दुसरा थांबा : विश्रामबागवाडा

भिडे वाड्यापासून थोडे चालले की विश्रामबागवाडा लागतो. दुसऱ्या बाजीरावाने बांधलेला हा वाडा. पेशवाई बुडाल्यावर इंग्रजांनी इथे संस्कृत पाठशाळा चालवली, आणि तिथे शिकण्याचा हक्क कोणाला होता हे वेगळे सांगायला नको. त्याच वाड्यात १६ नोव्हेंबर १८५२ रोजी मेजर कँडी यांच्या हस्ते जोतीरावांचा सरकारतर्फे सत्कार झाला. तोवर भिडे वाड्यातला एक वर्ग वाढून शाळांचे जाळे झाले होते. ३ जुलै १८५१ रोजी बुधवार पेठेत चिपळूणकरांच्या वाड्यात, १७ सप्टेंबरला रास्ता पेठेत आणि १५ मार्च १८५२ रोजी वेताळ पेठेत मुलींच्या शाळा निघाल्या होत्या.

सत्काराची शाल जोतीरावांना मिळाली. रोज वर्ग कोण घेत होते, गळणाऱ्या मुलींच्या घरी जाऊन आईबापांना कोण समजावत होते, हे त्या शालीवर लिहिलेले नव्हते. स्त्रियांचा इतिहास शोधायचा तर सत्काराच्या बातमीमागे कुणाचे श्रम आहेत, हे विचारावे लागते. आपल्या विहारांना आणि संघटनांनाही हाच प्रश्न लागू पडतो. मंचावर कोण बसते आणि स्वयंपाकघरात कोण असते?

तिसरा थांबा : वेताळ पेठ

मंडईवरून आम्ही आजच्या गुरुवार पेठेत येतो. हीच जुनी वेताळ पेठ. या भागात फुले दांपत्याने महार-मांगांच्या मुलामुलींसाठी शाळा चालवल्या. आमच्यासाठी हा या पदफेरीतला सर्वांत मोलाचा थांबा आहे.

फुल्यांच्या शाळेत मुक्ता नावाची एक मांग मुलगी शिकली. मुक्ता साळवे. तीन वर्षे शिकल्यावर, वयाच्या चौदाव्या वर्षी, तिने मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला. १८५५ साली तो ज्ञानोदयमध्ये दोन भागांत छापला गेला. पेशवाईत अस्पृश्यांची जी दशा झाली ती तिने नावे घेऊन मांडली. डोक्यावर छप्पर नसताना बाळंत होणाऱ्या आपल्या जातीच्या बायकांचे हाल तिने लिहिले. आणि वेद जर ब्राह्मणांचेच असतील तर आमचा धर्म कोणता, असा सवाल देवालाच केला.

१८५५ नंतर बरोबर एकशे एक वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, नागपुरात बाबासाहेबांनी आपल्याला धम्म दिला. मुक्ताचा सवाल एका शतकाने उत्तरापर्यंत पोचला, असे आम्हाला वाटते. आणि तो सवाल लिहिणारे अक्षर फुल्यांच्या शाळेत गिरवलेले होते. बाबासाहेबांनी बुद्ध आणि कबीर यांच्याबरोबर जोतीरावांना गुरू मानले. हे गुरुपण सावित्रीमाईंशिवाय पूर्ण होत नाही, हे मुक्ताच्या निबंधावरून कळते.

या थांब्यावर फातिमाबी शेख यांचीही आठवण काढायला हवी. १८४९ साली फुले दांपत्याला घर सोडावे लागले, तेव्हा उस्मान शेख यांनी त्यांना आसरा दिला. त्यांच्याच घरातल्या फातिमाबी सावित्रीमाईंच्या सहकारी झाल्या. फातिमाबी झाल्याच नाहीत, असा दावा हल्ली जोरात केला जातो. त्याला उत्तर सावित्रीमाईंच्याच हातचे आहे. १८५६ च्या ऑक्टोबरमध्ये त्या आजारपणामुळे नायगावला माहेरी होत्या. तिथून जोतीरावांना लिहिलेल्या पत्रात, आपण नसल्याने फातिमावर कामाचा भार पडत असेल, पण ती तक्रार करणार नाही, असा मजकूर आहे. चळवळीतल्या एका बाईने दुसरीची घेतलेली ही नोंद आहे.

चौथा थांबा : गंज पेठेतले घर

महात्मा फुले वाडा आता राष्ट्रीय स्मारक आहे. अंगणात विहीर आहे, जोतीरावांची समाधी आहे. १८६८ साली या घरचा हौद अस्पृश्यांना खुला झाला. चवदार तळ्याचा सत्याग्रह व्हायला अजून एकोणसाठ वर्षे होती.

त्याआधी १८६३ मध्ये याच घरात बालहत्या प्रतिबंधक गृह सुरू झाले. काशीबाई नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेला फसवणुकीतून दिवस गेले. बदनामीच्या भीतीने तिने मूल मारले आणि तिला काळ्या पाण्याची शिक्षा झाली. फसवणारा मोकळा राहिला. या घटनेनंतर फुल्यांनी अशा स्त्रियांसाठी आपल्या घराचे दार उघडले. पुढच्या वीसेक वर्षांत पस्तीस विधवा इथे बाळंत होऊन गेल्या. त्यांची बाळंतपणे काढणे, बाळांना वाढवणे हे सावित्रीमाईंचे काम होते. १८७४ मध्ये अशाच एका विधवेचा मुलगा त्यांनी दत्तक घेतला. तोच यशवंत. ज्या जातीच्या लोकांनी शेण फेकले त्या जातीच्या पोरक्या लेकींना त्यांनी घरात घेतले. मनात सूड असता तर हे झाले नसते.

घर सांभाळता सांभाळता त्यांची लेखणीही चालू होती. काव्यफुले हा त्यांचा कवितासंग्रह १८५४ साली, म्हणजे वयाच्या तेविसाव्या वर्षी निघाला. २४ सप्टेंबर १८७३ रोजी सत्यशोधक समाज स्थापन झाला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला भटजीशिवाय पहिला सत्यशोधक विवाह लागला. या लग्नाच्या तयारीत माई पुढे होत्या. आज आपण बुद्धवंदना घेऊन साधेपणाने लग्न लावतो, तेव्हा त्या लग्नाची आठवण ठेवावी.

१८७६-७७ च्या दुष्काळात त्या जुन्नरकडे ओतूर भागात गेल्या. तिथून जोतीरावांना पाठवलेल्या पत्रात दुष्काळाची हकिगत आहे. सत्यशोधक कार्यकर्त्यांना अटक झाली, तेव्हा त्या थेट कलेक्टरांना भेटल्या आणि त्यांना सोडवून आणले. संघटना चालवणाऱ्या बाईचे हे काम आहे. फक्त पहिली शिक्षिका म्हटले की ते झाकले जाते.

२८ नोव्हेंबर १८९० रोजी जोतीराव गेले. अंत्ययात्रेत टिटवे कोणी धरायचे यावरून भाऊबंदांनी वाद घातला. यशवंत दत्तक, म्हणून त्याचा हक्क नाकारला जात होता. सावित्रीमाईंनी टिटवे स्वतः हातात घेतले आणि त्या पुढे चालू लागल्या. ही अंत्ययात्रा याच घरातून निघाली. आमच्या सोबतच्या मुली इथे बराच वेळ गप्प असतात. त्यांच्यापैकी कित्येकींना आजही स्मशानात येऊ दिले जात नाही.

जोतीरावांनंतर सत्यशोधक समाजाची धुरा माईंनी घेतली. १८९३ साली सासवडच्या सत्यशोधक परिषदेचे अध्यक्षपद त्यांनी भूषवले. तेव्हा त्या बासष्ट वर्षांच्या होत्या.

शेवटचा थांबा : मुंढव्याची वाट

हा थांबा पेठांच्या बाहेर आहे. १८९७ मध्ये पुण्यात प्लेगने थैमान घातले. यशवंत तेव्हा डॉक्टर झाले होते. शहराबाहेर हडपसरकडे ससाणे मळ्यावर त्यांनी रुग्णांसाठी दवाखाना उघडला. मुंढव्याच्या महारवस्तीतल्या बाबाजी गायकवाडांचा मुलगा पांडुरंग याला प्लेग झाल्याचे माईंना कळले. सहासष्ट वर्षांच्या माईंनी त्या मुलाला पाठीवर घेतले आणि दवाखान्यात आणले. तेच दुखणे त्यांना जडले. १० मार्च १८९७ रोजी त्यांचे निधन झाले.

महाराच्या मुलाला शिवणे जिथे विटाळ मानले जात होते, तिथे त्या मुलाला पाठीवर घेऊन त्या चालल्या. करुणा हा शब्द आपण वंदनेत रोज उच्चारतो. ती चालते कशी, हे या वाटेवर दिसते.

२०१४ साली पुणे विद्यापीठाला सावित्रीमाईंचे नाव मिळाले. भिडे वाड्याच्या जागी स्मारकही होईल. पण मुक्ता साळवेने कुठे अक्षर गिरवले, फातिमाबी कोणत्या गल्लीतून शाळेत जात, हे सांगणाऱ्या पाट्या अजून शहरभर लागायच्या आहेत. त्या लागेपर्यंत पाटीचे काम आपणच करायचे आहे. आपल्या गावात, आपल्या वस्तीत विहार उभारताना पाणी वाहणाऱ्या, पहिली बालवाडी काढणाऱ्या, मोर्चात पुढे असणाऱ्या आयाबायांची नावे विचारा, लिहून ठेवा. आणि येत्या १० मार्चला हार घालून झाला की धाकट्या बहिणीला सोबत घेऊन निघा. वाट फार लांबची नाही.

जय भीम, जय जोती, जय सावित्री!