वाटाण्याचा अंकुर

जव्हार-मोखाड्याकडून घाट चढून त्र्यंबकेश्वरी येणारा यात्रेकरू ज्योतिर्लिंगाच्या दर्शनाने तृप्त होऊन परततो. याच गावी ३० एप्रिल १८७० रोजी धुंडिराज गोविंद फाळके जन्मले, हे त्याच्या ध्यानी क्वचितच येते. आले तरी स्मरण होते ते ‘राजा हरिश्चंद्र’चे. परंतु हरिश्चंद्राच्या आधी फाळक्यांनी पडद्यावर आणला तो एक वाटाणा होता.

जे. जे. कलाविद्यालय, बडोद्याचे कलाभवन, छायाचित्रण, पुराणवस्तू खात्याची नोकरी, छापखाना अशी वळणे घेत चाळिशी गाठलेल्या या गृहस्थाने गिरगावात ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिला आणि त्या ध्यासापायी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ च्या फेब्रुवारीत लंडनला प्रयाण केले. विल्यमसन कॅमेरा आला, भांडवलाचे काय? सावकारापुढे पुराणकथेचा पाढा वाचणे सोपे होते. फाळक्यांनी मात्र कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा त्यावर रोखून ठेवला आणि सुमारे महिनाभर राहून राहून एकेक चौकट टिपली. मूकपटाच्या काळी सेकंदाला सोळाच्या आसपास चौकटी सरकत. त्यामुळे महिन्याची वाढ अवघ्या मिनिटाभरात डोळ्यांपुढे उलगडली.

‘अंकुराची वाढ’ या लघुपटात कथा नव्हती, नट नव्हता, बोधही नव्हता. मृगात राबावर नाचणी पेरणाऱ्या मोखाड्याच्या शेतकऱ्याला रोप रोज थोडे वाढलेले दिसते. पण ते वाढत असताना त्यालाही दिसत नाही. फाळक्यांनी नेमके तेच दाखविले. सावकार वश झाला, सरस्वतीबाईंचे दागिने गहाण पडले आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला.

त्यानंतर प्रेक्षक देवादिकांसाठी लोटू लागले. फाळक्यांचा जुना छंद तरीही सुटला नाही. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये त्यांनी निर्जीव काड्या नाचविल्या, ‘चित्रपट कसा तयार करतात’मध्ये स्वतःचे कारागिरीचे घर उघडून दाखविले. अशा लघुपटांना मुख्य खेळाच्या जोडीची तोंडीलावणी समजले गेले. आगकाड्या तर काळाच्या उदरात गडप झाल्या. ‘गंगावतरण’ हा १९३७ चा बोलपट त्यांचा अखेरचा ठरला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकात, उपेक्षेत, ते निवर्तले. १९६९ पासून त्यांच्या नावाचा पुरस्कार दिला जातो. त्याचे मानकरी बहुतांशी कथापटांचेच आहेत.